अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी मुख्य भूमिका

नायक-नायिकांची नावे प्रेक्षकांच्या ओठांवर असतात. मोलकरीण, घरमालकीण, परिचारिका किंवा शेजारीण साकारणाऱ्या चरित्र अभिनेत्रीचा मात्र चेहरा तेवढा लक्षात राहतो. ब्रिटिश अभिनेत्री जोन हिक्सन यांची जवळपास सारी कारकीर्द अशाच भूमिकांत सरली. वयाच्या ७८व्या वर्षी त्या बीबीसीच्या 'मिस मार्पल' मालिकेच्या नायिका झाल्या आणि ॲगाथा ख्रिस्ती यांच्या असंख्य वाचकांना आपल्या मनातील मार्पल पडद्यावर भेटली.

हिक्सन यांचा जन्म ५ ऑगस्ट १९०६ रोजी इंग्लंडमधील नॉर्थम्प्टनजवळ झाला. लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रमॅटिक आर्टमध्ये नाट्यशिक्षण घेऊन त्या रंगभूमीवर आल्या. १९३०च्या दशकात चित्रपटांचे दार उघडले. 'कॅरी ऑन' या गाजलेल्या विनोदी चित्रपटमालेतही त्या अनेकदा दिसल्या. पण भूमिका छोट्याच राहिल्या.

ख्रिस्ती यांची नजर मात्र त्यांच्यावर फार आधी पडली होती. ख्रिस्ती यांच्याच 'अपॉइंटमेंट विथ डेथ' या नाटकात हिक्सन यांनी काम केले होते. ते पाहून लेखिकेने १९४६ मध्ये त्यांना पत्र लिहिले आणि त्यांनी एके दिवशी आपली मिस मार्पल साकारावी, अशी इच्छा व्यक्त केली. त्या वेळी हिक्सन चाळिशीच्या होत्या. मार्पल पांढऱ्या केसांची वृद्धा. त्यामुळे वय होण्याची वाट पाहणे भाग होते.

दरम्यान, १९६१ मध्ये '४.५० फ्रॉम पॅडिंग्टन' या कादंबरीवर 'मर्डर, शी सेड' हा चित्रपट निघाला. त्यात मार्पल झाल्या मार्गारेट रुदरफोर्ड आणि हिक्सन यांच्या वाट्याला आली घरकाम करणाऱ्या बाईची भूमिका. रुदरफोर्ड यांची दणदणीत, विनोदी मार्पल लोकप्रिय ठरली. पण कादंबरीतील शांत, सडपातळ वृद्धेशी तिचे साम्य थोडेच होते.

अखेर २६ डिसेंबर १९८४ रोजी 'द बॉडी इन द लायब्ररी'पासून बीबीसीची मालिका सुरू झाली. ख्रिस्ती यांचे १९७६ मध्येच निधन झाले होते. आपली इच्छा फळाला आलेली त्यांना पाहता आली नाही. १९८७च्या नाताळात '४.५० फ्रॉम पॅडिंग्टन' पुन्हा चित्रित होऊन आले. या वेळी त्याच कथेत हिक्सन स्वतः मार्पल होत्या. त्याच वर्षी त्यांना 'ओबीई' हा किताब मिळाला.

या यशाचे मर्म त्यांच्या आधीच्या कारकिर्दीतच सापडते. कोणी फारसे दखल घेत नाही, हेच मिस मार्पलचे खरे शस्त्र. कोपऱ्यात विणकाम करीत बसलेल्या म्हातारीसमोर माणसे मोकळेपणाने बोलतात आणि ती सारे टिपून घेते. अशा दुर्लक्षित स्त्रियाच तर हिक्सन वर्षानुवर्षे रंगवीत आल्या होत्या. दोन-चार मिनिटांत, मोजक्या शब्दांत आणि नुसत्या नजरेने माणूस उभा करण्याची चरित्र अभिनेत्रीची सवय येथे कामी आली. त्यांची मार्पल आवाज चढवीत नाही, हसवण्याचा खटाटोप करीत नाही; ती ऐकते. तिच्या निळ्या डोळ्यांत करुणा असते, तशीच गुन्हेगाराला माफ न करणारी कठोरताही.

१९९२ पर्यंत मार्पलच्या सर्व १२ कादंबऱ्या त्यांनी पडद्यावर आणल्या. शेवटच्या भागाच्या वेळी त्या ८६ वर्षांच्या होत्या. १७ ऑक्टोबर १९९८ रोजी, वयाच्या ९२व्या वर्षी त्यांचे निधन झाले. पुढे जेराल्डिन मॅकइवान आणि ज्युलिया मॅकेन्झी यांनीही दूरचित्रवाणीवर ही भूमिका केली; पण तुलनेचे माप आजही हिक्सनच आहेत. छोट्या भूमिकांत गेलेली वर्षे वाया जात नाहीत, याचा इतका ठसठशीत दाखला अभिनयक्षेत्रात क्वचितच आढळतो.