रूळ गेल्यावर उरतं काय?

१२ एप्रिल १८६७ रोजी विरारहून मुंबईकडे पहिली लोकल सुटली. दिवसाला जाणारी एक आणि येणारी एक, एवढाच तिचा पसारा. ‘बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया’ म्हणजे बीबीसीआय कंपनीने ग्रँट रोडपर्यंतचा मार्ग १८६४ मध्ये पुरा केला होता. ही गाडी त्याच्याही पुढे बॅक बेपर्यंत जाई. तिच्या थांब्यांची यादी वाचताना आजच्या वसईकराला वसई, बोरिवली, अंधेरी, वांद्रे, माहीम, दादर ही नावं ओळखीची लागतात. पण मधेच पाणजू येतं, पहाडी येतं आणि शेवटी बॅक बे. या तिन्ही ठिकाणांचं तिकीट आज कुठल्याच खिडकीवर मिळत नाही.

पहाडी निदान कागदावर तरी शिल्लक आहे. गोरेगावातल्या इमारतींच्या कागदपत्रांत ‘मौजे पहाडी’ अजून सापडतं. पाणजूचं दुखणं वेगळं आहे. भाईंदर आणि नायगावच्या मधे वसईची खाडी दोन फाट्यांनी वाहते आणि त्या बेचक्यात हे बेट आहे. रेल्वेच्या दप्तरी ७३ आणि ७५ क्रमांकाचे पूल या बेटाच्या दोन बाजूंना आहेत. विरार लोकल रोज पाणजूच्या जमिनीवरून धडधडत जाते, थांबत मात्र नाही. बेटावरच्या माणसांना नायगाव गाठायला होडी लागते. होडी नसली की पुलाच्या कडेने, रुळांना खेटून चालत जायचं. त्यात दारात उभे असलेले प्रवासी निर्माल्याच्या पिशव्या आणि नारळ खाडीत भिरकावतात, ते या चालणाऱ्यांना लागतात. २०२५ मध्ये असाच फेकलेला नारळ लागून बेटावरच्या एका रहिवाशाचा जीव गेला. दीडशे वर्षांपूर्वी वेळापत्रकात असलेल्या गावाची ही आजची रेल्वे.

मार्ग चालू आणि स्थानक बंद, हा झाला एक प्रकार. महाराष्ट्रात अख्खे मार्गच बंद पडल्याची उदाहरणं कमी नाहीत. ती एका ओळीत मांडून पाहिली की ध्यानात येतं, की मार्ग बंद झाल्यावर मागे किती उरेल हे तो किती जुना यावर अवलंबून नसतं. खालच्या जमिनीवर पुढे कोणाची नजर पडली, यावर असतं.

मुंबईत ही नजर लगेच पडते. बीबीसीआयचे रूळ चर्चगेटला संपत नसत, ते कुलाब्यापर्यंत जात. तिथे कापसाच्या गाठी उतरत, शेजारीच बाजार भरे. कुलाब्याहून बोरिवलीपर्यंत विजेची लोकल ५ जानेवारी १९२८ रोजी धावली. नव्या तंत्राचं कौतुक ओसरलंही नव्हतं, तोच बॅक बेच्या भरावासाठी ही जागा हवी झाली. लांब पल्ल्याच्या गाड्यांसाठी १८ डिसेंबर १९३० रोजी मुंबई सेंट्रल उघडलं आणि वर्ष संपताच कुलाबा स्थानक बंद झालं. कापसाचा बाजार शिवडीकडे हलला. हार्बर मार्गावरचं ‘कॉटन ग्रीन’ त्याचीच आठवण सांगतं. कुलाब्याच्या यार्डात बधवार पार्क ही रेल्वे अधिकाऱ्यांची वसाहत उभी राहिली. जागा रेल्वेकडेच राहिली, गाडी तेवढी गेली. विरारपर्यंत वीज पोचली ती १९३६ मध्ये. म्हणजे विजेच्या लोकलने विरारकराला थेट कुलाब्याला जाण्याचं भाग्य कधी लाभलंच नाही.

त्याहून अल्पायुषी ठरली सेंट्रल साल्सेट ट्रामवे. अंधेरी ते ट्रॉम्बे अशी पूर्व-पश्चिम जोडणी करणारा हा मार्ग १९२८ मध्ये सुरू झाला आणि १९३४ मध्ये गुंडाळलासुद्धा. त्याचा काही भाग आता सांताक्रूझच्या विमानतळाखाली गेला आहे. तिथे रुळाचा तुकडा शोधत फिरण्यात अर्थ नाही. मात्र शेजारच्या कुर्ला-चेंबूर मार्गाचं नशीब पाहा. तो १९०६ मध्ये शहराचा कचरा वाहायला टाकला गेला, पुढे त्यावरून माणसं जाऊ लागली आणि आज हार्बरची गर्दी त्याच वाटेने मानखुर्दकडे जाते. कचऱ्याची लाइन तगली आणि प्रवाशांची बुडाली, हेही मुंबईतच घडू शकतं.

घाटात जमिनीला गिऱ्हाईक नव्हतं, म्हणून तिथे दगड उरले. बोरघाटाचा पहिला मार्ग १८६३ मध्ये खुला झाला. जेम्स बर्कलीची आखणी, पंचवीस बोगदे आणि काही ठिकाणी ३७ फुटांना एक फूट असा चढ. कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल १८५९ मध्ये मुंबईत उतरला आणि काही आठवड्यांतच वारला. पुढचं काम त्याची बायको ॲलिस हिने अंगावर घेतलं आणि तडीस नेलं. वर चढताना एका ठिकाणी वळायलाच जागा नव्हती. तिथे रिव्हर्सिंग स्टेशन बांधलं. गाडी कड्याच्या टोकाशी जाऊन थांबायची, इंजिन सोडून दुसऱ्या तोंडाला जोडायचे आणि मग शेवटचा डबा पहिला होऊन गाडी खंडाळ्याकडे निघायची. १९२९ मध्ये नवे बोगदे खोदून मार्ग सरळ केला आणि ही उठाठेव संपली. कसाऱ्याच्या थळघाटातही अशीच सोय होती, ती त्याआधीच मोडीत निघाली. बोरघाटातल्या त्या जुन्या वाटेच्या खुणा मात्र खंडाळ्याच्या उतारावर, द्रुतगती मार्गाच्या परिसरात अजून आहेत.

बार्शी लाइटची गोष्ट तिसऱ्याच तऱ्हेची. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंग्रज इंजिनिअरने १८९७ मध्ये बार्शी रोड, म्हणजे आजचं कुर्डुवाडी, ते बार्शी अशी अडीच फूट रुंदीची गाडी सुरू केली. त्याचा हिशेब साधा होता: कुठल्याही आसावर पाच टनांपेक्षा जास्त भार पडू द्यायचा नाही, म्हणजे रूळ हलके चालतात आणि खर्च आवाक्यात राहतो. हा हिशेब जमला. गाडी १९०६ मध्ये पंढरपूरला, १९११ मध्ये लातूरला आणि १९२७ मध्ये मिरजेला पोचली. आषाढी-कार्तिकीला आत जितकी माणसं, तितकीच टपावर. १ जानेवारी १९५४ रोजी सरकारने कंपनी विकत घेतली आणि या शतकात टप्प्याटप्प्याने सगळा मार्ग ब्रॉडगेज झाला. इथे मार्ग मेला नाही, मोठा झाला. त्यामुळे छोट्या गाडीच्या खुणा मोठ्या गाडीखाली गेल्या. कुर्डुवाडीचा कारखाना मात्र टिकला आणि छोट्या गाडीचा हात तिथल्या कारागिरांच्या अंगात राहिला. माथेरानच्या गाडीचे डबे तिथे तयार झाले, ते त्यामुळेच.

सगळं जागच्या जागी आणि तरी सगळं बंद, हे पाहायचं तर विदर्भात जावं. यवतमाळ-मूर्तिजापूर-अचलपूर ही ‘शकुंतला’ वऱ्हाडचा कापूस मुख्य मार्गावर आणून टाकी. तिथून तो मुंबईला आणि पुढे मँचेस्टरला जाई. किलिक निक्सन कंपनीने १९१० मध्ये सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे कंपनी काढली. रूळ तिचे, गाड्या ‘ग्रेट इंडियन पेनिन्सुला’ म्हणजे जीआयपी रेल्वेच्या. स्वातंत्र्यानंतर बाकीच्या रेल्वे सरकारजमा झाल्या, हा करार मात्र तसाच राहिला आणि भारतीय रेल्वे एका खासगी कंपनीच्या रुळांवर गाडी चालवत राहिली. मालकी एकाची आणि वापर दुसऱ्याचा, मग डागडुजीचा खर्च करणार कोण? १९२१ मध्ये मँचेस्टरला तयार झालेलं वाफेचं इंजिन १९९४ पर्यंत धावत होतं, त्यानंतर डिझेल आलं. रूळ इतके थकले की गाडीचा वेग सायकलच्या बरोबरीला आला. गार्डच उतरून तिकिटं विकायचा, तोच फाटक पाहायचा. अखेर यवतमाळची गाडी थांबली, पाठोपाठ अचलपूरचीही.

वऱ्हाडात अशा गाड्या बंद पडल्यावर जमिनीला धावून येणारं कोणी नसतं, आणि नवी गाडी आणायचीही घाई नसते. म्हणून कारंजा, दारव्हा, दर्यापूर, अंजनगाव या वाटेवर बाभळीत दडलेले रूळ आणि ब्रिटिश बांधणीची स्थानकं राहिली. बार्शीसारखं रुंदीकरण करावं ही मागणी तिथली माणसं वर्षानुवर्षं करत आली आहेत. दरम्यान, वर्धा-यवतमाळ-नांदेड हा नवा ब्रॉडगेज मार्ग दुसऱ्याच बाजूने येतो आहे. त्यातल्या वर्धा-कळंब टप्प्यावर फेब्रुवारी २०२४ मध्ये गाडी सुरू झाली. यवतमाळला रेल्वे मिळेल, पण मूर्तिजापूरच्या वाटेवरच्या कारंज्याला तिचा उपयोग नाही. शकुंतलेच्या रुंदीकरणाचा आग्रह तिथे अजून सुटलेला नाही, तो यामुळेच.