बेचाळीस दिवसांची बॅच

बीड जिल्ह्यातल्या पाटोदा, आष्टी, शिरूर कासार या पट्ट्यात शिवारातून जाताना लांबट, पत्र्याचं, बाजूंनी जाळी आणि पडदे लावलेलं शेड दिसलं की ते पोल्ट्रीचं समजावं. त्याची लांबी पूर्व-पश्चिम असते. उन्हाची तिरीप जाळीतून पक्ष्यांवर पडू नये आणि वारा आडवा निघून जावा, म्हणून. रुंदी तीस फुटांच्या आसपास, कारण त्याहून रुंद शेडमध्ये मधोमध बसलेल्या पक्ष्यांपर्यंत हवा पोचत नाही. पाच हजार पक्ष्यांना पाच-सहा हजार चौरस फूट जागा लागते, म्हणजे पुरते सहा गुंठेही नाहीत. ज्या जिल्ह्यातून दसरा-दिवाळी झाली की घरंच्या घरं कोयता घेऊन पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात उसाच्या फडावर जातात, तिथं सहा गुंठ्यांत, घरी राहून, वर्षभर चालणारा धंदा ही फार मोठी गोष्ट आहे. पोरांची शाळा सुटत नाही, म्हातारी माणसं एकटी पडत नाहीत. या शेडबद्दल मला आस्था आहे ती सगळ्यात आधी यासाठी.

शेडचं काम सुरू होतं पिल्लू येण्याच्या आधी. जमीन धुऊन, चुना मारून, वर भाताच्या तुसाचा थर अंथरला जातो. बीड काही भाताचा मुलूख नाही, त्यामुळे हे तूसही गाडीभाडं देऊन बाहेरून आणावं लागतं. मग चिकगार्डचं गोल कुंपण, आत कागद, वर ब्रूडर किंवा कोळशाची शेगडी. एका दिवसाचं पिल्लू चाळीस-पंचेचाळीस ग्रॅमचं असतं आणि पहिल्या आठवड्यात त्याला तेहतीस-चौतीस अंशांची ऊब लागते. ती मिळाली का, हे पिल्लंच सांगतात. सगळी ब्रूडरखाली गोळा झाली तर थंडी वाजतेय, कुंपणाला चिकटली तर गरम होतंय, सारखी पसरून दाणे टिपत असली तर जमलं. हे बघायला घरातलं कोणीतरी रात्री दोनला, चारला उठतं. बहुतेक घरांत ते काम बाईच्या वाट्याला येतं आणि करारावर नाव मात्र क्वचितच तिचं असतं.

पहिल्या आठवड्यात लासोटाची लस, दुसऱ्यात गंबोरोची. खाद्य आधी प्री-स्टार्टर, मग स्टार्टर, मग फिनिशर. चाळीस-बेचाळीस दिवसांत पक्षी सव्वादोन किलोच्या घरात जातो. तेवढ्या वजनासाठी त्यानं साधारण साडेतीन-पावणेचार किलो खाद्य खाल्लेलं असतं. किती किलो खाद्याला किती किलो पक्षी, या हिशेबाला सगळे एफसीआर म्हणतात आणि शिवारातल्या पोल्ट्रीवाल्याला हा आकडा दशांश चिन्हानंतरच्या दोन स्थळांपर्यंत पाठ असतो. गावरान कोंबडीला एवढं वजन धरायला कित्येक महिने लागतात, तरी ती तिथवर पोचेलच असं नाही. दीड महिन्यात वाढणारा हा पक्षी अनेक पिढ्यांच्या काटेकोर निवडीतून आला आहे. आपल्याकडे या उद्योगाची घडी बसवणाऱ्यांत बी. व्ही. राव यांचं नाव पहिलं. त्यांनी 1971 साली व्यंकटेश्वरा हॅचरीज सुरू केली, पुढे तिचं मुख्य ठाणं पुणे झालं. अंड्याचा भाव उत्पादकांनीच ठरवावा यासाठी 1982 साली उभी राहिलेली राष्ट्रीय अंडी समन्वय समितीही त्यांच्याच पुढाकाराची.

अंडीवाल्यांना मिळालेला तो आवाज मांसाच्या कोंबडीवाल्याला मात्र मिळालेला नाही, कारण तिथं पक्षी बहुधा शेतकऱ्याचा नसतोच. करार पोल्ट्रीत पिल्लं कंपनीची, खाद्य कंपनीचं, औषध आणि सुपरवायझरही कंपनीचे. शेतकऱ्याचं शेड, वीज, पाणी, तूस आणि राबणूक. कोइमतूरकडच्या कंपन्यांनी नव्वदच्या दशकात ही पद्धत पसरवली आणि आज देशातली बरीचशी ब्रॉयलर कोंबडी अशीच वाढते. पक्षी उचलला की वजनावर, किलोमागे ठरलेला पैसा मिळतो. तो बहुधा एक आकडीच असतो. एफसीआर चांगला तर वर थोडं बक्षीस, मरतूक जास्त तर कपात. समजा पाच हजार पिल्लं टाकली, पाच टक्के मरतूक झाली, सरासरी वजन 2.2 किलो आलं आणि किलोला सात रुपये मिळाले, तर हातात येतात त्र्याहत्तर हजार. त्यातून तूस, वीजबिल, पाण्याचा टँकर, मजुरी आणि शेडच्या कर्जाचा हप्ता जायचा. अशा वर्षाला पाच-सहा बॅच. जोडीला कोंबडखत विकलं जातं. ऊस, कांदा, भाजीपाला करणारे ते आगाऊ सांगून ठेवतात आणि काही घरांत खरा नफा तोच असतो.

या पद्धतीला नुसती नावं ठेवणं अन्यायाचं होईल. भाव पडला तर तो तोटा कंपनी सोसते. खाद्यात भांडवल गुंतवण्याची ऐपत नसलेल्या माणसाला ती धंद्यात उभं करते. पण भावाची जोखीम कंपनीकडे गेली, तशी उन्हाची आणि पाण्याची जोखीम शेतकऱ्याकडे राहिली. आणि बीडमध्ये याच दोन जोखमी सगळ्यात जड आहेत.

कोंबडीला घाम येत नाही. चोच उघडी टाकून धापा टाकणं हाच तिचा थंड होण्याचा मुख्य उपाय. एप्रिल-मेमध्ये पारा बेचाळीसच्या पुढे गेला की दोन किलोचा, पंखाखाली चरबी धरलेला पक्षी दुपारी दोन ते पाचमध्ये कधीही पडू शकतो. पिल्लू उन्हाळ्यात तगतं, विक्रीला आलेला पक्षी मरतो. म्हणजे दीड महिन्याचं खाद्य खाऊन झाल्यावर. त्यावर लोकांनी काढलेले उपाय साधे आणि चोख आहेत. पत्र्यावर उसाचं पाचट अंथरायचं आणि त्यावर स्प्रिंकलर सोडायचा, जाळीला ओली गोणपाटं टांगायची, दुपारचं खाद्य वर उचलून ठेवायचं, पाण्यात गूळ किंवा इलेक्ट्रोलाइट द्यायचं, फॉगर चालू ठेवायचे. यातल्या निम्म्या गोष्टींना वीज लागते आणि भर दुपारी वीज गेली की शेडमध्ये धावपळ उडते.

पाण्याचं गणितही सरळ आहे. पक्षी जेवढं खातो त्याच्या सुमारे दुप्पट पाणी पितो, उन्हाळ्यात त्याहून अधिक. पाच हजार मोठे पक्षी साध्या दिवसांत रोज दोन हजार लिटर पितात. फॉगर आणि स्प्रिंकलरचं पाणी वेगळं. पर्जन्यछायेतल्या आष्टी-पाटोद्यात मार्चनंतर विहिरी तळ दाखवतात, तेव्हा हे पाणी टँकरनं विकत घ्यावं लागतं. कराराच्या दरात उन्हाळ्यासाठी वेगळी वाढ कुठं असते, कुठं नसते. ती सगळीकडे असायला हवी, असं माझं स्पष्ट मत आहे.

आता बाजार. आपल्याकडे कोंबडी बहुतांशी जिवंत विकली जाते. रात्री गाडी शेडवर येते, पक्षी जाळ्यांत भरले जातात आणि पहाटेपर्यंत दुकानात पोचतात. गिऱ्हाईक समोर कापून, सोलून घेतं. शीतगृहातल्या मांसावर लोकांचा अजून भरवसा बसलेला नाही. त्यामुळे माल थांबवून ठेवणं शक्यच होत नाही. बेचाळीस दिवसांनंतरचा प्रत्येक दिवस खाद्य जास्त आणि वाढ कमी असा तोट्याचा असतो. मागणी एक दिवस पडली तरी पक्षी विकावाच लागतो, म्हणून जिवंत कोंबडीचा भाव आठवड्यात किलोला वीस-तीस रुपयांनी हलू शकतो.

आणि आपली मागणी पंचांगावर चालते. आषाढात, विशेषतः अमावस्येच्या आधीच्या आठवड्यात, दुकानांपुढे रांगा लागतात. श्रावण लागला की परळीच्या वैजनाथाला गर्दी होते आणि कोंबडीची दुकानं ओस पडतात. गणपती, पितृपक्ष, नवरात्र असं करत बाजार दसऱ्यानंतर पुन्हा उठतो. नारायणगड, गहिनीनाथगड, भगवानगड यांना मानणाऱ्या या जिल्ह्यात माळकरी घरं पुष्कळ, एकादशी पाळणारी त्याहून जास्त. आषाढातल्या विक्रीसाठी पिल्लं ज्येष्ठात टाकावी लागतात आणि श्रावणात पक्षी कमी निघावेत म्हणून त्याच्या दीड महिना आधी हात आखडावा लागतो. हा अंदाज बांधण्यावरच कंपन्यांचा नफा-तोटा ठरतो. शेतकऱ्याच्या बाजूनं त्याचा अर्थ एवढाच, की कधी दोन बॅचमध्ये पंधरा दिवस शेड रिकामं राहतं, कधी महिना-दीड महिना.

तरी पंचांग आधी कळतं. अफवा कळत नाही. फेब्रुवारी 2020 मध्ये कोंबडी खाल्ल्यानं कोरोना होतो असे संदेश मोबाइलवर फिरले. त्याला कसलाही आधार नव्हता. तरी मार्चच्या मध्यापर्यंत शेडवरचा भाव उत्पादन खर्चाच्या कितीतरी खाली गेला. राज्यात अनेक ठिकाणी पक्षी फुकट वाटले गेले, खड्ड्यात पुरले गेले. स्वतः पिल्लं आणि खाद्य घेऊन धंदा करणारे सगळ्यात आधी बुडाले. वर्षही उलटलं नाही तोच जानेवारी 2021 मध्ये शेजारच्या परभणी जिल्ह्यात मुरुंबा गावी शेकडो कोंबड्या दोन दिवसांत मेल्या आणि भोपाळच्या प्रयोगशाळेनं बर्ड फ्लूचं निदान केलं. त्याच दिवसांत पाटोदा तालुक्यात मेलेले कावळे सापडले आणि बीडचं नावही बातम्यांत आलं. 2006 साली नवापूरला देशातला पहिला बर्ड फ्लू सापडला. आता त्याचा नियम ठरलेला आहे. लागण झालेल्या ठिकाणापासून एक किलोमीटरपर्यंतचे पक्षी नष्ट करायचे, दहा किलोमीटरपर्यंत पाहणी ठेवायची. नियम योग्यच आहे. पण दहा किलोमीटरच्या बाहेर, शंभर किलोमीटरवरही, भीतीनं भाव पडतो आणि त्या तोट्याला भरपाईचं कलम कुठंच नाही.

इतके तडाखे बसूनही हा धंदा वाढतोच आहे. 2022-23 मध्ये देशात सुमारे 97.7 लाख टन मांस तयार झालं आणि त्यातलं निम्म्याहून थोडं अधिक कोंबडीचं होतं. एकूण मांसात राज्यांमध्ये उत्तर प्रदेश आणि पश्चिम बंगालनंतर महाराष्ट्राचा तिसरा क्रमांक होता. 2019 च्या पशुगणनेत देशातली कुक्कुटपक्ष्यांची संख्या 85 कोटींवर गेली. महाराष्ट्रात ती 7.43 कोटी होती, 2012 पेक्षा किंचित कमी. मटणाचा भाव सामान्य माणसाच्या आवाक्याबाहेर गेला तसं रविवारच्या ताटात चिकन आलं. जगातही कोंबडीनं डुकराच्या मांसाला मागं टाकलं आहे.

पण मला बीडच्या संदर्भात सगळ्यात महत्त्वाची वाटते ती गोष्ट शेडच्या आत नाही, शेडशेजारच्या रानात आहे. ब्रॉयलरच्या खाद्यात निम्म्याहून अधिक मका आणि पाव हिश्श्याहून अधिक सोयाबीनची पेंड असते. एक क्विंटल सोयाबीनमधून तेल काढल्यावर ऐंशी किलोच्या आसपास पेंड उरते. एका पक्ष्याला जन्मभरात सुमारे किलोभर लागते. म्हणजे क्विंटलभर सोयाबीनवर ऐंशी पक्षी वाढतात. बीड, लातूर, धाराशिवचं खरीप आज सोयाबीनचं आहे. त्यामुळे इथला शेतकरी एकाच धंद्याच्या दोन टोकांना उभा असतो. कच्चा माल तो पिकवतो, पक्का मालही तोच वाढवतो. भाव मात्र दोन्हीकडे दुसरे ठरवतात.

ऑगस्ट 2021 मध्ये हे उघड दिसलं. सोयाबीन काही बाजारांत क्विंटलला दहा हजारांच्या पुढे गेलं होतं. खाद्य महागलं म्हणून पोल्ट्री उद्योगानं ओरड केली आणि केंद्रानं जनुकबदल केलेल्या सोयाबीनची 12 लाख टन पेंड आयात करायला परवानगी दिली. नवं पीक बाजारात येईपर्यंत भाव जवळजवळ निम्म्यावर आला होता. नव्या आवकेचा वाटा त्यात होताच, पण आयातीच्या घोषणेनं व्यापाऱ्यांचा हात आधीच आखडला होता. पुढे उलटं झालं. डिसेंबर 2023 मध्ये उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर बंधन आलं आणि इथेनॉल कारखाने मक्याकडे वळले. मका महागला, कोंबडीचं खाद्य महागलं. आणि मक्याच्या इथेनॉलनंतर उरणारा डीडीजीएस हा प्रथिनयुक्त चोथा पेंडीपेक्षा स्वस्त म्हणून खाद्यात शिरला. पेंडीची मागणी घटली. 2024 च्या हंगामात 4892 रुपये हमीभाव असताना सोयाबीन बाजारात त्याच्या बऱ्याच खाली विकलं गेलं. ऊस, मका, सोयाबीन आणि कोंबडी ही चार वेगळी प्रकरणं आहेत, असं आता कोणालाच म्हणता येणार नाही.

परदेशी व्यापाराचंही तसंच. भारत कोंबडीचं मांस फारसं निर्यात करत नाही आणि आयातही जवळजवळ नाही, कारण तंगडीवर 100 टक्के आयात शुल्क आहे. अमेरिकेत छातीचं मांस आवडीनं खाल्लं जातं आणि तंगड्या उरतात. आपल्याकडे तंगडीलाच मान. बर्ड फ्लूचं कारण देऊन भारतानं 2007 पासून अमेरिकी कोंबडीच्या आयातीवर घातलेली बंदी अमेरिकेनं 2012 मध्ये जागतिक व्यापार संघटनेत नेली आणि 2015 मध्ये भारत अपिलातही हरला. बंदी टिकली नाही, आज आधार आहे तो शुल्काचा. वाटाघाटींत ते उतरलं, तर तिकडच्या स्वस्त मका-सोयाबीनवर वाढलेली तंगडी इथल्या शेडलाच नव्हे, इथल्या रानालाही धक्का देईल. शुल्काची बाजू मांडताना पोल्ट्री उद्योग शेतकऱ्याचं नाव पुढे करतो. मग पेंडीच्या आयातीची मागणी करतानाही त्याला त्याच शेतकऱ्याची आठवण असायला हवी.

गावपातळीवर करता येण्याजोग्या गोष्टी मात्र दिल्लीवर अवलंबून नाहीत. कराराची मराठी प्रत शेतकऱ्याच्या हातात असावी. पक्षी उचलताना वजनकाटा शेडवरच, घरच्यांसमोर व्हावा. खाद्याच्या प्रत्येक पोत्याची नोंद दोन्हीकडे राहावी, कारण एफसीआरचं भांडण तिथंच सुरू होतं. उष्माघाताच्या मरतुकीत कंपनीनं वाटा उचलावा. आणि शेड ठरावीक दिवसांपेक्षा जास्त रिकामं राहिलं तर त्याचं भाडं मिळावं, कारण पिल्लं कधी टाकायची हे कंपनी ठरवते आणि बँकेचा हप्ता मात्र दर महिन्याला शेतकऱ्याच्या खात्यातून जातो.