वेशीवरची मरीआई आणि हैतीचा व्होडू

व्होडू म्हणजे सुया टोचलेल्या बाहुल्या आणि करणी, ही चित्रपटांनी रूढ केलेली समजूत बाजूला ठेवली, तर हैतीतील हा धर्म सोलापूरच्या माणसाला फारसा परका वाटणार नाही. आफ्रिकेतील दाहोमी, कोंगो आदी प्रदेशांतून गुलाम म्हणून नेलेल्या लोकांनी आपापल्या देवता एकत्र आणून तो घडवला, आणि १६८५च्या फ्रेंच कायद्याने बाप्तिस्मा सक्तीचा झाल्यावर कॅथलिक संतांच्या तसबिरींत त्यांनी त्याच देवता पाहिल्या. या श्रद्धेत सृष्टिकर्ता दूर असतो; माणसांच्या सुखदुःखात लक्ष घालणारे ‘ल्वा’ नावाचे देव ढोलाच्या तालावर भक्ताच्या देहात उतरतात. अशा भक्ताला तिकडे ल्वाचा घोडा म्हणतात. मराठी मुलखात ज्याच्या अंगात येते तो देवाचे झाड ठरतो.

सोलापूरकडची अशी अंगात येणारी देवी म्हणजे मरीआई. माढा तालुक्यातील मोडनिंब हे गाव कुर्डुवाडीहून पंढरपूरला जाणाऱ्या लोहमार्गावर आहे. हा मार्ग १९०६ साली सुरू झाला. त्याआधीपासूनच पंढरपूरच्या यात्रेत उद्भवलेली पटकी, म्हणजे कॉलरा, परतणाऱ्या यात्रेकरूंबरोबर गावोगाव पोहोचत असे. औषध नव्हते, दवाखाना दूर होता, आणि एका रात्रीत घरे ओस पडत. अशा काळात रोग आणणारी आणि तोच आवरणारी मरीआई ही भीतीला चेहरा देणारी देवी होती. तिचे शेंदूर लावलेले ठाणे बहुधा गावाच्या कडेला असते, आषाढात तिला नैवेद्य दाखवतात, आणि साथ आली की तिचा गाडा वेशीबाहेर नेत असत. हलगी वाजे, अंगात येई, देवी जाब विचारी. केस न कापणारा, कमरेला खणांचा घेर आणि पायांत घुंगरू बांधून स्वतःवर आसूड ओढणारा पोतराज हा तिचा उपासक बहुतेक ठिकाणी मातंग समाजातला असे, आणि नवसापोटी लहान मूलही या सेवेला वाहिले जाई.

साम्य इथवरच पोहोचते. हैतीत गुलामांच्या १७९१च्या उठावाला व्होडूने बळ दिले, १८०४ साली देश स्वतंत्र झाला, पुढे चर्चने आणि सरकारने या धर्माचा छळही केला, आणि अखेर २००३ साली त्याला अधिकृत मान्यता मिळाली. मरीआईच्या उपासकाला मात्र देवीच्या जवळिकीने मुक्ती दिली नाही. सगळे गाव तिच्यापुढे नारळ फोडी, पण पोतराजाला अस्पृश्यच मानी. म्हणूनच १९५६च्या धम्मदीक्षेनंतर तिची सेवा करणाऱ्या अनेक महार कुटुंबांनीही मरीआई घरातून काढली तेव्हा तो निर्णय बाहेरच्या सुधारकांच्या तुच्छतेतून आलेला नव्हता. ज्यांनी ते ओझे पिढ्यान्‌पिढ्या वाहिले त्यांनीच ते उतरवले, हे या श्रद्धेचा अभ्यास करणाऱ्याने विसरता कामा नये.

महाराष्ट्राचा २०१३चा जादूटोणाविरोधी कायदा अंगात आल्याचे भासवून लोकांत भीती पसरवणाऱ्याला शिक्षा देतो. मरीआईला नैवेद्य दाखवण्यास त्याची आडकाठी नाही.