पाण्याचा वाकडेपणा

‘वाकडे’ या शब्दाची मराठीने फारशी बूज राखलेली नाही. नाचता येत नसले की अंगण वाकडे, आणि दोघांचे पटत नसले की त्यांच्यातही वाकडेच! मीही वर्षानुवर्षे वर्गात हेच वाक्प्रचार शिकवीत आलो. पण रसायनशास्त्रात असा एक वाकडेपणा आहे, की त्याला हात जोडावेत. तो पाण्याच्या रेणूचा.

या रेणूत एक ऑक्सिजन आणि दोन हायड्रोजन. त्यांना बांधणारे इलेक्ट्रॉन सामाईक मालकीचे. पण भागीदारी बरोबरीची नव्हे. लायनस पॉलिंग यांनी १९३२ साली अणूंची ही ओढ तोलण्याची पट्टी दिली. तिच्यावर आज ऑक्सिजनला ३.४४ गुण आहेत, हायड्रोजनला २.२०. साहजिकच ऑक्सिजनची बाजू किंचित ऋण, हायड्रोजनची किंचित धन होते. अशा रेणूला ‘ध्रुवीय’ म्हणतात.

मग ओढाताण असली की रेणू ध्रुवीय झालाच का? छे! कार्बन डायऑक्साइड पाहा. मध्ये कार्बन, दोन्ही अंगांना दोन ऑक्सिजन, तिघेही सरळ रेषेत. रस्सीखेचीत दोन्हीकडचे गडी तुल्यबळ असले की दोरी जागची हलत नाही, तशी गत! बाकी शून्य. पाण्यात मात्र ऑक्सिजनवरच्या इलेक्ट्रॉनांच्या दोन मोकळ्या जोड्या दोन्ही बंधांना एका अंगाला रेटतात. बंधांमध्ये सुमारे १०४.५ अंशांचा कोन होतो आणि दोन्ही ओढी एकमेकींना खोडण्याऐवजी साथ देतात.

या बाकीचे माप पीटर डेबाय यांच्या नावाने चालते. त्यांना १९३६ साली नोबेल पारितोषिक मिळाले. पाण्याची ध्रुवीयता सुमारे १.८५ डेबाय भरते.

म्हणूनच पाण्याचे रेणू एकमेकांना घट्ट धरून राहतात. पाणी १०० अंश सेल्सियसला उकळते. उलट, जवळजवळ अडीचपट जड रेणूचा कार्बन डायऑक्साइड नेहमीच्या दाबाखाली उणे ७८ अंशांच्या आसपासच वायू होतो. मीठ पाण्यात विरघळते तेही या ध्रुवांमुळे. तेल पडले अध्रुवीय, त्याला पाणी आपल्यात घेत नाही. मध्यस्थी करावी लागते साबणाने किंवा शिकेकाईने: त्यांच्या रेणूचे एक टोक पाण्याशी सलगी करते, दुसरे तेलाशी.

तेव्हा नरकचतुर्दशीला अभ्यंग करताना त्या कोनाची आठवण ठेवा. पाण्याचा रेणू सरळ असता, तर अंगावर घ्यायला तांब्यात पाणी राहिले असते की नाही, याचीच शंका आहे. मग नद्या, समुद्र आणि आपल्या अंगातले रक्त यांची गोष्ट कशाला?