चेर्नोबिल : ब्रेक दाबला आणि भट्टी भडकली

अणुभट्टी फुटली म्हणजे अणुबॉम्ब फुटला, असं आपल्यापैकी बऱ्याच जणांना वाटतं. तसं नाही. २६ एप्रिल १९८६ च्या रात्री १ वाजून २३ मिनिटांनी सोव्हिएत युक्रेनमधल्या चेर्नोबिलची चौथी भट्टी फुटली, ती वाफेच्या प्रचंड दाबाने. पण दाब एवढा वाढलाच कसा?

या भट्टीत ग्रॅफाइट अणुप्रक्रिया चालू ठेवायचं आणि पाणी भट्टी थंड ठेवायचं. पाणी थोडे न्यूट्रॉनही शोषतं. पाण्याची वाफ झाली की शोषण घटतं, प्रक्रिया वाढते, उष्णता वाढते आणि आणखी वाफ होते. कमी शक्तीवर हा धोका जास्त. त्या रात्री चाचणीसाठी भट्टी ३२०० ऐवजी जेमतेम २०० मेगावॅट उष्णताशक्तीवर होती आणि बहुतेक नियंत्रण कांड्या बाहेर काढलेल्या होत्या.

मग भट्टी बंद करण्याचं बटण दाबलं. कांड्या उतरू लागल्या. पण त्यांच्या खाली ग्रॅफाइटचा भाग जोडलेला होता. त्याने तळाचं पाणी बाजूला सारलं आणि तिथे प्रक्रिया भडकली. ब्रेक दाबावा आणि गाडी सुसाट सुटावी, तसं झालं.

अफसोस याचा की कांड्यांचा हा दोष १९८३ मध्येच लिथुआनियातल्या इग्नालिना केंद्रात दिसला होता. चेर्नोबिलच्या कर्मचाऱ्यांना तो नीट सांगितलाच नाही. स्फोटानंतर ठपका मात्र त्यांच्यावर आला. १९९२ च्या आंतरराष्ट्रीय अहवालाने रचनेतल्या दोषांवर बोट ठेवलं.

इल्म ही अमानत आहे, असं आपण मुलांना शिकवतो. धोक्याची माहिती दडवणं ही त्या अमानतीत खयानतच.