रिळं राखणारी माणसं

राजकीय उलथापालथ टिपणाऱ्या माहितीपटांचा आढावा म्हटला की लिहिणारे सोव्हिएत दिग्दर्शक झिगा व्हर्टोव्हपासून निघतात आणि १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनपाशी मुक्काम ठोकतात. त्या सरकारी रिळांवर पुष्कळ लिहून झालं आहे. जीव धोक्यात घालून चित्रण करणाऱ्यांची परंपरा वेगळी.

१९७३ साली चिलीत दिग्दर्शक पात्रिसिओ गुझमान मोजक्या साथीदारांसह कारखाने, सभा, मोर्चे टिपत होते. देशात फिल्म मिळेना, ती फ्रान्सहून दिग्दर्शक क्रिस मार्कर यांनी पाठवली. ११ सप्टेंबरला लष्कराने राष्ट्राध्यक्ष आयेंदे यांचं सरकार उलथवलं. गुझमान यांना स्टेडियममध्ये डांबलं, पण रिळं स्वीडिश दूतावासाच्या मदतीने देशाबाहेर निघाली. क्युबात संकलन होऊन ‘द बॅटल ऑफ चिली’चे तीन भाग १९७५ ते १९७९ या काळात आले. पहिल्या भागाच्या अखेरीस जूनमधल्या फसलेल्या बंडाचं चित्रण आहे. कॅमेरामन लिओनार्दो हेनरिकसेन यांच्यावर सैनिक नेम धरतात, गोळी सुटते, चित्र हेलकावतं आणि कोसळतं. गुझमान यांचे छायालेखक होर्खे म्युलर यांना १९७४ मध्ये उचललं गेलं. त्यांचा पत्ता पुन्हा लागला नाही.

ढाक्याचे दिग्दर्शक झहीर रायहान यांनी १९७१ मध्ये बांगलादेशच्या मुक्तियुद्धातल्या हत्याकांडावर ‘स्टॉप जेनोसाइड’ केला. पुढच्याच जानेवारीत भावाच्या शोधात निघालेले रायहान स्वतःच बेपत्ता झाले.

आपल्याकडे हा वारसा आनंद पटवर्धन यांनी चालवला. जयप्रकाशांच्या बिहार आंदोलनावरचा ‘क्रांती की तरंगें’ उसनवारीच्या साधनांवर उभा राहिला आणि आणीबाणीत तुकड्यातुकड्यांनी परदेशी पोचला. अशा चित्रपटांत तटस्थता नसते, असा आक्षेप काही समीक्षक आजही घेतात. त्यांनी पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ पुन्हा पाहावा. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं मेली. त्या आघाताने शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवलं. पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’मध्ये गायलेले हेच ते घोगरे. त्यानंतर या चित्रपटासाठी चौदा वर्षं हा दिग्दर्शक वस्त्या, जलसे, कोर्टकचेऱ्या यांच्या मागे राहिला. ज्याची बाजू घ्यायची त्याच्या दारी इतकी वर्षं जात राहणं, याहून मोठा प्रामाणिकपणा कुठला?

फिल्म सोसायट्यांच्या दिवसांत असे चित्रपट दाखवताना १६ एमएमचं रीळ बदलायला दिवे लागत आणि तेवढ्यात वादाला तोंड फुटे. खेळ संपला तरी मंडळी उठत नसत. आज प्रत्येक मोर्चात शेकडो मोबाइल वर असतात. संध्याकाळपर्यंत क्लिप गावभर फिरते आणि आठवड्यात विसरली जाते. ती कोणी, कुठे, कधी घेतली, याची नोंद नसते. घटना ओसरल्यावर त्या वस्तीत परत जाणारे तर बोटांवर मोजण्याइतके उरले आहेत.

तेव्हा वाचकांना एक विनंती. गावातल्या आंदोलनाचं चित्रण तुमच्याकडे असेल तर त्यावर तारीख, ठिकाण आणि घेणाऱ्याचं नाव घाला आणि त्याची एक प्रत जवळच्या ग्रंथालयात किंवा महाविद्यालयात यंदाच नेऊन द्या.