वसुलीचा हुकूम आणि सभासदाची दाद



ऊस कारखान्याला जातो, पण कर्ज बँकेचे. पीककर्ज गावच्या सोसायटीचे, ट्रॅक्टर नागरी बँकेचा आणि घर त्याच बँकेला तारण, असा आपल्यापैकी अनेकांचा संसार. वसुलीचा लिलाव म्हणजे काय, हे नागपूर जिल्ह्याला सांगायला नको. सावनेरात ज्यांनी देह ठेवला त्या राम गणेश गडकरींच्या नावाचा सहकारी साखर कारखाना राज्य सहकारी बँकेने २००७ साली लिलावात विकला. अशा विक्रींची तक्रार उच्च न्यायालयात गेली, २०१९ साली न्यायालयाने गुन्हा नोंदवण्यास सांगितले. पण विकलेला कारखाना सभासदांना काही परत मिळाला नाही.

थकबाकीची नोटीस आली की गावात सल्ला देणारे पुष्कळ निघतात. कोणी म्हणतो, "सहकारी बँकेला वावर विकताच येत नाही." कोणी म्हणतो, "सरळ नागपूरला हायकोर्टात जा, स्टे मिळते." दोन्ही बोलणी अर्धीच खरी, आणि तेवढ्यात मुदत निघून जाते. आधी नोटिशीत कायदा कोणता लिहिला आहे ते पाहावे. २००२ चा सरफेसी कायदा, की महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० चे कलम १०१?

सरफेसी कायदा सहकारी बँकांना लागूच नाही, हा वाद कित्येक वर्षे चालला. कोल्हापूर जिल्ह्यातील विश्वासराव पाटील मुरगूड सहकारी बँकेचे प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. कर्जदाराचे म्हणणे, सहकार हा राज्याचा विषय, मग केंद्राच्या कायद्याने वसुली कशी? ५ मे २०२० रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितले की बँक सहकारी असली तरी तिचा धंदा बँकेचाच, आणि वसुली हा त्या धंद्याचाच भाग. बँक जिंकली. आता हाच मुद्दा घेऊन कोर्टात जाणे म्हणजे वकिलाची फी पाण्यात.

तरी हात बांधलेले नाहीत. मागणी नोटिशीनंतर साठ दिवस असतात. त्यात लेखी हरकत घेतली तर बँकेने पंधरा दिवसांत कारणांसह उत्तर द्यायचे असते. बँकेने ताबा घेण्याचे पाऊल उचलले तर पंचेचाळीस दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो. ते नागपुरातच आहे. ही वाट सोडून हायकोर्टात धावू नये, कारण दुसरा इलाज असताना उच्च न्यायालयांनी अशा प्रकरणांत सहसा हात घालू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१० सालीच बजावले आहे.

या कायद्यातून शेतजमिनीचे तारण वगळलेले आहे, ही मोठी सवलत. पण नुसत्या सातबाऱ्यावर विसंबू नये. गोव्यातील एका हॉटेलच्या प्रकरणात २०१८ साली न्यायालयाने ठरवले की कागदोपत्री शेती म्हटल्याने भागत नाही, जमीन खरोखर शेतीसाठी वापरात हवी. आणि ते सिद्ध करण्याचा बोजा कर्जदारावर, असे २०२३ साली सांगितले. तेव्हा पीकपाहणी, कारखान्याकडील ऊसनोंदीची पावती आणि ऊसबिले जपून ठेवावीत. उसाच्या शेतकऱ्याजवळ याहून चांगला पुरावा कोणता?

कलम १०१ ची गोष्ट निराळी. सोसायटीच्या पीककर्जाला बहुधा हेच लागते. येथे शेतजमिनीला ती सवलत नाही. निबंधकाचा वसुली दाखला एकदा निघाला की त्यातील रक्कम अंतिम पुरावा धरली जाते, म्हणून त्याआधीच्या सुनावणीला गैरहजर राहणे सर्वांत महाग पडते. व्याज जास्त लावले, भरलेला हप्ता जमा धरला नाही, हे तेथेच पावत्यांसह मांडावे. पुढे दोन महिन्यांत फेरतपासणी अर्ज करता येतो, पण येण्याच्या निम्मी रक्कम आधी संस्थेत भरावी लागते. सरफेसीत कर्जदाराने न्यायाधिकरणात जाण्यापूर्वी ७५ टक्के भरण्याची अट होती, ती सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली रद्द केली. सहकार कायद्यातील निम्म्याची अट मात्र उभी आहे. ऊसबिल अडकलेल्या माणसाने निम्मी रक्कम आणायची कोठून? आमच्या मते हिचा फेरविचार व्हावा.

लिलाव झालाच, तर नियम १०७ प्रमाणे तीस दिवस उरतात. तेवढ्यात थकबाकी आणि खरेदीदारासाठी खरेदी रकमेच्या पाच टक्के भरून विक्री रद्द करून घेता येते. किंवा विक्रीत गंभीर अनियमितता होऊन नुकसान झाले असेल तर तसा अर्ज वसुली अधिकाऱ्याकडे देता येतो.